दोन बाहुल्यांचा सम्राट: ‘हेटेरोक्रोमिया’ या शब्दामागचा इतिहास

इ. स. ४९१ च्या एप्रिल महिन्यात कॉन्स्टँटिनोपल येथे सम्राट झेनो मरण पावला. त्याच्या मागे पुत्र नव्हता. भाऊ गादीवर डोळा ठेवून होता, पण तो लोकांना नको होता. हिप्पोड्रोममध्ये जमलेल्या नगरवासीयांनी राणी एरियाड्नीकडे नव्या सम्राटाची मागणी केली आणि निवडीचा अधिकार तिच्या हाती आला. तिने निवडला तो कोणी सेनापती नव्हता. सम्राटाच्या उपस्थितीत दरबारात शांतता राखणे हे ज्यांचे काम, त्या अधिकाऱ्यांपैकी तो एक होता. वय साठीच्या घरात, मूळचा डिऱ्हाखियमचा, म्हणजे आजच्या अल्बानियातील दुर्रेस या बंदराचा. त्याचे नाव अनास्तासियस. ११ एप्रिलला त्याच्या मस्तकावर मुकुट चढला आणि मे महिन्यात एरियाड्नीशी त्याचा विवाह झाला.

पुढे सत्तावीस वर्षे त्याने राज्य केले. उत्तरकालीन बायझंटाईन इतिवृत्तांत मात्र त्याला ओळखले जाते ते एका टोपणनावाने: ‘डिकोरॉस’. बाराव्या शतकातील इतिवृत्तकार झोनारास त्याचा खुलासा करतो, की या सम्राटाचा एक डोळा काळा आणि दुसरा निळसर होता.

समाजमाध्यमांवर ‘हेटेरोक्रोमिया असलेल्या ऐतिहासिक व्यक्ती’ अशा याद्या वारंवार फिरतात. त्यांत अनास्तासियस असतो आणि बहुधा त्याच्याही वर अलेक्झांडर असतो. दोघांची नावे एका दमात घेतली जातात, जणू दोघांची तपासणी एकाच नेत्रवैद्याने केली होती. प्रत्यक्षात या दोन दाव्यांमागील पुराव्यांचे वजन अगदी वेगळे आहे. ते समजून घ्यायचे तर आधी शब्द उलगडावे लागतात.

‘डिकोरॉस’मधील ‘डि’ म्हणजे दोन, आणि ‘कोरे’ म्हणजे मुलगी. मुलीचा डोळ्याशी संबंध काय, हे मराठी वाचकाला समजावून सांगण्याची खरे तर गरज पडू नये. समोरच्याच्या डोळ्यात जवळून पाहिले की आपलीच चिमुकली प्रतिमा तेथे उभी दिसते. मराठीने तिला ‘बाहुली’ म्हटले. संस्कृतने ‘कनीनिका’ म्हटले, आणि या शब्दाचे नाते ‘कन्या’ या शब्दाशी आहे. लॅटिनमध्ये ‘पुपिल्ला’, म्हणजे छोटी मुलगी, छोटी बाहुली. इंग्रजीतील ‘प्यूपिल’ तिथूनच आला. ग्रीकांनी त्याच प्रतिमेला ‘कोरे’ म्हटले. तेव्हा ‘डिकोरॉस’चा शब्दशः अर्थ ‘दोन बाहुल्यांचा’ असा होतो.

येथेच पहिली अडचण उभी राहते. बाहुल्या प्रत्येकालाच दोन असतात. मग या सम्राटाच्या एकेका डोळ्यात दोन-दोन बाहुल्या होत्या काय? रोमन लेखकांना अशी कल्पना परिचित होती, आणि तिची त्यांना धास्तीही होती. पहिल्या शतकातील प्लिनीने सिसेरोचा हवाला देऊन नोंदवले आहे, की दुहेरी बाहुली असलेल्या स्त्रियांची नजर बाधते. दृष्ट लागण्याच्या समजुतीचे हे रोमन रूप. ‘डिकोरॉस’ हा शब्द त्या भयाच्या अगदी शेजारी राहतो, आणि केवळ टोपणनाव हाती आले असते तर अनास्तासियसविषयी काहीही ठरवता आले नसते.

सुदैवाने टोपणनावाहून जुना पुरावा उपलब्ध आहे. अँटिऑकचा इतिवृत्तकार जॉन मालालास याचे बालपण आणि तारुण्य अनास्तासियसच्याच कारकिर्दीत गेले. आपल्या ग्रंथात तो सम्राटांची शरीरवर्णने देतो. ती सरकारी कागदपत्रातील ओळखखुणांच्या वळणाची असतात: उंची, केस, चेहरा, दाढी. रोमन अमलाखालील इजिप्तमधील पपायरसांवर करार करणाऱ्या माणसांची वये आणि व्रण ज्या कोरडेपणाने नोंदलेले आढळतात, त्याच जातीची ही भाषा. मालालास सांगतो, की अनास्तासियस उंच होता, केस आखूड, चेहरा गोल, केस आणि दाढी पिकू लागलेली; उजव्या डोळ्याची बाहुली ‘ग्लाउकॉस’ आणि डाव्याची काळी; दोन्ही डोळे निर्दोष.

मालालास येथे ‘बाहुली’ म्हणतो, पण त्याला अभिप्रेत आहे तो बाहुलीभोवतीचा रंगीत भाग. खरी बाहुली निरोगी डोळ्यात काळीच असते, कारण ते नुसते छिद्र आहे. मराठीतही ‘बुबुळ’ म्हणताना बोलणारा बाहुली, भोवतीचे रंगीत वलय आणि वरचा पारदर्शक पडदा यांत फरक करत नाहीच.

‘ग्लाउकॉस’ हा शब्द अधिक अवघड आहे. इंग्रजी भाषांतरांत तो कुठे निळा, कुठे करडा, कुठे हिरवट असा येतो. मराठीत मात्र त्याला जवळजवळ बेतून शिवल्यासारखा शब्द आहे: घारा. घारे डोळे निळसर असू शकतात, करडे असू शकतात, हिरवट किंवा फिके पिंगटही असू शकतात. काळेभोर नसलेले आणि उजेडात चमकणारे, एवढेच ‘घारे’ या शब्दाने सांगितले जाते. ग्रीक शब्दही तसाच रंगापेक्षा फिकेपणा आणि चमक यांच्याकडे झुकणारा आहे. अथीना देवीच्या डोळ्यांना होमरने लावलेले सुप्रसिद्ध विशेषण याच धातूचे.

आणि ‘काचबिंदू’चे ग्लॉकोमा हे नावही याच शब्दाचे अपत्य. प्राचीन वैद्यकात त्याचा अर्थ आजच्यासारखा नेमका नव्हता. बाहुलीत फिकट निळसर झाक दिसू लागून दृष्टी मंदावणे, म्हणजे आज ज्याला मोतीबिंदू म्हटले जाईल तेही त्यात येत असे. म्हणून साठी उलटलेल्या माणसाचा एक डोळा ‘ग्लाउकॉस’ आहे असे कोणी लिहिले, तर सहाव्या शतकातील वाचकाच्या मनात पहिली शंका येणार ती आंधळेपणाची. ‘दोन्ही डोळे निर्दोष’ हे मालालासचे दोन शब्द त्या शंकेचे उत्तर म्हणून वाचले पाहिजेत. त्याने रंग सांगितला, कोणत्या बाजूचा ते सांगितले आणि हा रोग नव्हे हेही सांगितले. दीड हजार वर्षांपूर्वीच्या नोंदीकडून याहून अधिक मागणे अन्यायाचे होईल.

या डोळ्यांमुळे अनास्तासियसचे काही अडले नाही, ही गोष्टही लक्षात घेण्याजोगी आहे. सम्राटाचे शरीर अव्यंग असावे अशी तेथील राज्यकल्पना होती. तिच्यापायीच पुढे सातव्या शतकापासून प्रतिस्पर्ध्यांना ठार मारण्याऐवजी त्यांचे नाक कापण्याची प्रथा रुजली. नाक गेलेला मनुष्य राज्यास अपात्र. (इ. स. ६९५ मध्ये नाक गमावलेला दुसरा जस्टिनियन दहा वर्षांनी परत येऊन पुन्हा सिंहासनावर बसला, ती कथा स्वतंत्रपणे सांगण्याजोगी.) दोन रंगांचे डोळे या हिशेबात व्यंग ठरले नाहीत. अनास्तासियसला विरोध झाला तो त्याच्या धर्ममतांमुळे. कॅल्सेडनच्या धर्मपरिषदेचा निर्णय त्याला मनापासून मान्य नव्हता, आणि राज्याभिषेकापूर्वी कॉन्स्टँटिनोपलच्या धर्माध्यक्षाने त्याच्याकडून श्रद्धेविषयीचे लेखी वचन घेतले होते. इ. स. ५१२ मध्ये प्रार्थनेतील शब्दांवरून राजधानीत दंगल पेटली, तेव्हा ऐंशीच्या घरातील हा सम्राट मुकुट न घालता हिप्पोड्रोममध्ये लोकांसमोर आला आणि पद सोडण्याची तयारी त्याने दाखवली. जमाव विरघळला.

त्याची खरी कीर्ती खजिन्याची. कारागीर आणि व्यापारी यांच्यावरील, सोन्याचांदीत वसूल होणारा जाचक कर त्याने इ. स. ४९८ मध्ये रद्द केला. त्या बातमीने एडेसा शहरात किती दिवस उत्सव चालला, याचे वर्णन तेथील सिरियाक इतिवृत्तात आहे. कर सोडूनही मृत्यूसमयी त्याच्या खजिन्यात ३,२०,००० पौंड सोने शिल्लक होते, असे प्रोकोपियस सांगतो. इतका कर्तृत्ववान राजा ओळखला जावा तो डोळ्यांच्या रंगावरून, याची थोडी खंत वाटल्यावाचून राहत नाही.

आता अलेक्झांडर.

अलेक्झांडरच्या डोळ्यांची कथा येते ती ‘अलेक्झांडरचा रोमान्स’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या अद्भुतकथेतून. कॅलिस्थेनिस या इतिहासकाराच्या नावावर खपलेला, पण त्याचा नसलेला हा ग्रंथ साधारण इ. स. च्या तिसऱ्या शतकात आजच्या रूपाजवळ आला असे मानले जाते. म्हणजे अलेक्झांडरच्या मृत्यूनंतर पाचशेहून अधिक वर्षांनी. त्यात अलेक्झांडरला सिंहाची आयाळ आहे, सर्पासारखे तीक्ष्ण दात आहेत आणि डोळे ‘हेटेरोफ्थॅल्मोस’, म्हणजे एकासारखा दुसरा नसलेले. पुढे बाराव्या शतकातील विद्वान त्झेत्झेस याच्यापर्यंत हे वर्णन पोचले, आणि अरबी परंपरेतही एक डोळा निळा व एक काळा असलेला सिकंदर स्थिरावला.

‘हेटेरोफ्थॅल्मोस’ या शब्दाचा पूर्वेतिहास मात्र चमत्कारिक आहे. अलेक्झांडरच्या काळातील ग्रीकमध्ये त्याचा रूढ अर्थ ‘एक डोळा गमावलेला’ असा होता. ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकात स्पार्टावर संकट आले असता लेप्टिनिस नावाच्या अथेन्सच्या वक्त्याने आपल्या नगरबांधवांना बजावले होते, की ग्रीसला ‘हेटेरोफ्थॅल्मोस’ होऊ देऊ नका. ग्रीसचे दोन डोळे म्हणजे अथेन्स आणि स्पार्टा. त्यांतला एक फुटू देऊ नका, हा भाव. अ‍ॅरिस्टॉटलने उत्तम रूपकाचे उदाहरण म्हणून हे वाक्य जपून ठेवले आहे. जन्मतःच एकाक्ष असलेला वेगळा आणि डोळा गमावलेला वेगळा, असा भेदही प्राचीन शब्दकोशकार करत. दुसऱ्यासाठी ते हाच शब्द राखून ठेवत.

त्या अर्थाने घरात खराखुरा ‘हेटेरोफ्थॅल्मोस’ होता तो अलेक्झांडरचा बाप. मॅसिडोनियाच्या दुसऱ्या फिलिपने इ. स. पू. ३५४ च्या सुमारास मेथोनीच्या वेढ्यात उजवा डोळा गमावला. बापासाठी नेमका बसणारा शब्द कथेच्या ओघात मुलाकडे आला आणि येताना त्याचा अर्थ बदलला, एवढे नोंदवून पुढे जाणे बरे.

कथाकाराला असमान डोळे हवे होते त्याचे कारण ग्रंथातच आहे. या अद्भुतकथेनुसार अलेक्झांडर फिलिपचा मुलगाच नव्हे. इजिप्तचा शेवटचा देशी फेरो नेक्टानेबो राज्य सोडून मॅसिडोनियात पळून येतो आणि जादूच्या बळावर अमॉन देवाचे रूप घेऊन राणी ऑलिंपियासला फसवतो. त्या संगातून अलेक्झांडर जन्मतो. इजिप्त जिंकणारा परका नव्हताच, आपल्याच शेवटच्या राजाचा पुत्र होता, हे इजिप्तमधील ग्रीकभाषकांना सुखावणारे कथानक. मुलगा ना फिलिपसारखा दिसतो, ना ऑलिंपियाससारखा. अशा मुलाच्या चेहऱ्यावर एकमेकांशी न जुळणारे दोन डोळे हवेतच. सिंहाची आयाळ जशी तपासणीअंती नोंदवलेली नाही, तसेच हे डोळेही नाहीत. त्या पंक्तीत बसलेल्या तपशिलांपैकी आयाळ आणि दात सोडून द्यायचे आणि डोळे तेवढे सत्य म्हणून उचलायचे, याला कोणताच आधार नाही.

याच्या समोर प्लुटार्क ठेवून पाहावा. तोही अलेक्झांडरनंतर चारशे वर्षांनी लिहितो, पण त्याच्यापुढे लिसिपोसने घडवलेल्या पुतळ्यांची ख्याती आहे आणि जुन्या आठवणींचे ग्रंथ आहेत. डावीकडे किंचित कललेली मान, डोळ्यांतील ओलसर झाक, गोरा वर्ण, छातीवर आणि चेहऱ्यावर उमटणारी लाली, एवढे सगळे तो टिपतो. चित्रकार अपेलीसने वर्ण खरा होता त्यापेक्षा सावळा रंगवला अशी तक्रार करतो. अलेक्झांडरच्या अंगाला येणारा सुगंधसुद्धा सोडत नाही. राजाचे डोळे दोन रंगांचे असते, तर सुगंधाची नोंद घेणारा हा लेखक त्यांवर एक वाक्य खर्च करता ना? अनुल्लेख हा पुरावा नेहमीच कमकुवत मानतात. पण प्लुटार्कसारख्या चौकस लेखकाचा अनुल्लेख रोमान्सच्या उल्लेखापेक्षा जड आहे. तेव्हा यादीतून अलेक्झांडरचे नाव खोडावे हे उत्तम, अनास्तासियसचे ठेवावे.

दोन रंगांच्या डोळ्यांकडे कथेबाहेर, कुतूहलाने पाहणारा पहिला मोठा अभ्यासक योगायोगाने अलेक्झांडरचाच गुरू निघतो. प्राण्यांच्या उत्पत्तीवरील ग्रंथाच्या पाचव्या भागात अ‍ॅरिस्टॉटल डोळ्यांच्या रंगांची चर्चा करतो. त्याचा शब्द वेगळा आहे: ‘हेटेरोग्लाउकॉस’, म्हणजे एक डोळा घारा असलेला. ही गोष्ट घोड्यांत आढळते आणि काही माणसांतही, असे तो म्हणतो. त्याच्या मते डोळ्याचा रंग आतील द्रवाच्या प्रमाणावर ठरतो. खोल पाणी काळे दिसते, उथळ पाणी फिके, तसेच डोळ्याचे. द्रवाचा परिपाक दोन्हीकडे सारखा झाला नाही, की डोळे दोन रंगांचे होतात. बालके फिक्या डोळ्यांनी जन्मतात आणि पुढे त्यांचे डोळे गडद होतात, हेही त्याने पाहिले होते आणि त्याच तत्त्वाने समजावले होते.

द्रवाची कल्पना चुकीची होती. विचाराची चौकट मात्र आजच्या स्पष्टीकरणाच्या आश्चर्यकारक जवळ आहे. घाऱ्या आणि काळ्या डोळ्यांत दोन वेगळी रंगद्रव्ये नसतात. बाहुलीभोवतीच्या वलयात, म्हणजे परितारिकेत, मेलॅनिन हे एकच गडद द्रव्य कमीअधिक असते. ते भरपूर असेल तर डोळा काळा किंवा तपकिरी दिसतो. अगदी थोडे असेल तर प्रकाश विखुरतो आणि डोळा निळा भासतो. निळ्या डोळ्यात निळा रंग नसतोच.

अ‍ॅरिस्टॉटलला घोडे आठवले हे स्वाभाविक होते. जिथे घोड्यांची पैदास आणि खरेदी चाले तिथे असमान डोळ्यांसाठी शब्द तयार होत. अरबीत अशा घोड्याला ‘अख्यफ’ म्हणतात. त्याचे अनेकवचन ‘अख्याफ’, आणि त्याचा प्रवास मोठा बोलका आहे: एका आईची पण वेगवेगळ्या बापांची भावंडे म्हणजे ‘अख्याफ’ भावंडे, आणि नाना स्वभावांची माणसे म्हणजे ‘अख्याफ’ लोक. रोमान्सच्या कर्त्याने डोळ्यांतून पितृत्वाचा संशय सुचवला. अरबीने तोच सांधा शब्दकोशातच जोडून ठेवला. हिंदीत अशा घोड्याला किंवा बैलाला ‘ताखी’ म्हणत आणि तो ऐबी धरत. मूळ अरबी ‘ताक’, म्हणजे विषम, जोडी नसलेले. फ्रेंचमध्ये अशा डोळ्यांना ‘व्हॅरों’ म्हणतात, चित्रविचित्र रंगांचे या अर्थाच्या जुन्या शब्दावरून. इंग्रजीतील ‘वॉल-आइड’ या शब्दाचा भिंतीशी काडीचा संबंध नाही. जुन्या नॉर्स भाषेतील, डोळ्यावरील सारा सुचवणारा शब्द इंग्रजांच्या तोंडी ‘वॉल’ झाला. पुढे त्याच शब्दाने बाहेरच्या बाजूला वळलेले तिरळे डोळेही दाखवले जाऊ लागले.

मराठीत सर्वत्र चालणारा असा एकच शब्द रूढ झालेला दिसत नाही. ‘एक डोळा घारा आणि एक काळा’ असे सरळ सांगितले जाते. शब्दसंपत्तीच्या दृष्टीने ही उणीव असेल. पण सरळ वर्णनात ऐबही नसतो आणि अपशकुनही नसतो.

युरोपातील नेत्रवैद्यांना नेमके असेच, निवाडा न करणारे नाव हवे होते. एकोणिसाव्या शतकात शारीरलक्षणांना ग्रीक तुकडे जोडून नावे देण्याची रीत जोरात होती. ‘हेटेरोस’ म्हणजे दुसरा, वेगळा. ‘क्रोमा’ म्हणजे रंग. त्यांतून ‘हेटेरोक्रोमिया’ घडला. पुढे ‘आयरिस’ची षष्ठी लावली जाते. दोन डोळ्यांत फरक असेल तर ‘आयरिडम’ हे अनेकवचन आणि एकाच डोळ्यात दोन रंग असतील तर ‘आयरिडिस’ हे एकवचन, असा काटेकोर भेद काही ग्रंथकार करतात; इतर अनेकजण दोन्ही सरमिसळ वापरतात. नावाच्या घडणीत एक गोष्ट लपलेली आहे. ‘डिकोरॉस’ हे माणसाचे विशेषण होते, ‘अख्यफ’ घोड्याचे. ‘हेटेरोक्रोमिया’ कोणाचेच विशेषण नाही. ते एका लक्षणाचे नाम आहे. मनुष्य आणि त्याचे डोळे यांत प्रथमच अंतर पडले.

ते लक्षण आहे, रोग नव्हे. बहुतेकांत ते जन्मजात आणि निरुपद्रवी असते. कधी मात्र त्याच्या मागे काहीतरी दडलेले असते, आणि ते शोधण्यातच या शब्दाचा वैद्यकीय उपयोग आहे. झुरिकच्या होर्नरने १८६९ मध्ये चेहऱ्याच्या एका बाजूच्या मज्जातंतूंच्या दुखण्याचे वर्णन केले. ते जन्मतःच असेल तर त्या बाजूचा डोळा फिका राहतो. डोळ्यात लोखंडाचा कण रुतून राहिला तर डोळा गंजाने गडद होत जातो. काचबिंदूवरील काही थेंबांनी एका डोळ्याचा उपचार केल्यास तो डोळा काळवंडू शकतो. आणि नेदरलँड्सचे नेत्रवैद्य पेट्रुस योहानेस वार्डेनबर्ग यांनी १९५१ मध्ये एका आनुवंशिक लक्षणसमूहाचे वर्णन प्रसिद्ध केले: डोळ्यांचे आतले कोपरे दूर सरकलेले, कपाळावर पांढरी बट, डोळे दोन रंगांचे किंवा लख्ख निळे, आणि काहींत जन्मजात बहिरेपणा. कर्णबधिरांच्या संस्थांतील तपासणीवरून त्यांनी याचे प्रमाण सुमारे ४२,००० माणसांत एक असे अंदाजले. रंग आणि श्रवण यांचा सांधा तोवर विचित्र योगायोग वाटे. पण मेलॅनिन तयार करणाऱ्या पेशी आतल्या कानालाही लागतात, त्यामुळे त्या कमी पडल्या की दोन्हीकडे परिणाम दिसतो. तान्ह्या मुलाचे डोळे दोन रंगांचे दिसले तर आधी त्याला ऐकू येते का ते तपासावे, हा सल्ला त्यातूनच येतो.

नावाने फसगत झाल्याचे उदाहरणही याच इतिहासात आहे आणि त्याचा भारताशी थेट संबंध आहे. व्हिएन्नाचे एर्न्स्ट फुक्स यांनी १९०६ मध्ये डोळ्याच्या आतील एका मंद दाहाचे वर्णन केले. डोळा लाल होत नाही, दुखत नाही, पण त्या बाजूची परितारिका फिकी पडत जाते आणि पुढे मोतीबिंदू होतो. रोगाच्या नावातच ‘हेटेरोक्रोमिक’ हे विशेषण बसले. व्हिएन्नातील फिक्या डोळ्यांत तो फरक नजरेत भरत असे. गडद डोळ्यांच्या माणसांत तो पुष्कळदा दिसतच नाही. नावावर विसंबून रंगातील फरक शोधणाऱ्या डॉक्टरच्या हातून असे रुग्ण निसटू शकतात. म्हणून अलीकडे हे विशेषण गाळून नुसते फुक्स यांचे नाव ठेवण्याकडे कल आहे. ज्या देशात बहुतेकांचे डोळे काळे, तेथे या दुरुस्तीचे मोल अधिक.

शब्दाच्या लोकप्रिय वापरातही घोळ आहेतच. ब्रिटिश गायक डेव्हिड बोवी याचे नाव हेटेरोक्रोमियाच्या प्रत्येक यादीत असते. त्याचे दोन्ही डोळे एकाच फिक्या निळ्या रंगाचे होते. १९६२ मध्ये शाळेतील मित्राशी एका मुलीवरून झालेल्या मारामारीत त्याच्या डाव्या डोळ्याला मार बसला आणि त्या बाजूची बाहुली कायमची विस्फारलेली राहिली; मोठ्या काळ्या बाहुलीमुळे तो डोळा गडद भासे. रंग सारखे, बाहुल्या वेगळ्या. ‘डिकोरॉस’ हा शब्द अक्षरशः लावायचाच झाला तर तो अनास्तासियसपेक्षा बोवीलाच अधिक शोभला असता.

छायाचित्रे, चित्रफिती आणि हजारो प्रत्यक्षदर्शी असताना विसाव्या शतकातील माणसाविषयी एवढा गैरसमज रुजू शकतो, तर सिंहाची आयाळ लावलेल्या राजाच्या डोळ्यांवरून निदान करण्याची घाई किती करावी? अलेक्झांडरच्या कललेल्या मानेवरून नेत्रस्नायूंच्या दोषाचे अनुमान मांडणारा लेख १९९६ मध्ये ‘लॅन्सेट’सारख्या नामवंत वैद्यकीय नियतकालिकात आला होता. तेथे निदान प्लुटार्कची नोंद आणि पुतळ्यांची परंपरा असा काही आधार तरी होता. डोळ्यांच्या रंगाच्या बाबतीत तेवढाही नाही. अनास्तासियसच्या डोळ्यांना ‘हेटेरोक्रोमिया’ म्हणणे योग्यच आहे, पण त्याने नवे असे काहीच कळत नाही; मालालासचे वाक्य आजच्या ग्रीकमध्ये पुन्हा म्हटल्यासारखे होते. त्यापुढे जाऊन त्याला अमुक लक्षणसमूह होता असे लिहिणाऱ्याने मालालासचे ‘दोन्ही डोळे निर्दोष’ हे शब्द आधी खोडून दाखवावेत.

अनास्तासियसचा चेहरा आजही सहज पाहता येतो. इ. स. ४९८ मध्ये त्याच्या राज्यात नाणेसुधारणा झाली आणि ‘फोलिस’ हे मोठे तांब्याचे नाणे निघू लागले. त्याच्या मागच्या बाजूस चाळीस हा आकडा दाखवणारे मोठे ‘एम’ अक्षर असते आणि पुढच्या बाजूस सम्राटाची बाजूने दिसणारी, उजवीकडे तोंड केलेली मुद्रा. अशा मुद्रेत पाहणाऱ्याला उजवाच डोळा दिसतो. मालालासच्या म्हणण्याप्रमाणे तोच घारा. नाण्यावर तो तांब्याच्या रंगाचा आहे.